नऊ पानी निवेदन

वॉलॉंगॉंग
१७ ऑक्टोबर २०२१

प्रिय मयूरा,

फोनवर तू रडतेस आणि मी विषय बदलतो, म्हणून आज लिहायला घेतलं. व्हिक्टोरियाची बॉर्डर या आठवड्यात उघडतेय म्हणे. खिडकीतून पोर्ट केंब्लाची धुरांडी दिसतायत, आणि तुझ्या आईचा कप अजून त्याच हुकाला आहे.

तू चौथीत असताना मी जॅमवाल्या कंपनीची केस घेऊन बसलो होतो, आठवतं? कंपनी इवलीशी, व्हिक्टोरियातली. शेजारच्या एका राज्याने केवळ ती बाहेरची म्हणून तिच्यावर जादा कर बसवला होता. इथल्या घटनेत कलम ब्याण्णव आहे: राज्याराज्यांमधला व्यापार आणि ये-जा संपूर्ण मुक्त असेल. बाहेरच्याला बाहेरचा म्हणून कराने अडवायचं नाही. मला ते शाळेतल्या कवितेसारखं वाटायचं. साताऱ्याच्या शाळेत आम्ही डोळे मिटून, बाकावर ठेका धरून कविता म्हणायचो. तसं मी ते कलम भाजी चिरताना म्हणायचो. रेखा म्हणायची, अहो, कविता छान आहे, पण मिरच्या जरा बारीक चिरा. कर रद्द झाला, कंपनीने खोकंभर जॅम पाठवला, आणि तू वर्षभर तो पोळीशी खाल्लास.

मे महिन्यात तुझी आई तुझ्या बाळंतपणासाठी व्हिक्टोरियात, ट्रुगानिनाला आली. जाताना दारात म्हणाली, मी नाही तर कविता कुणाला ऐकवाल? मग साथीमुळे बॉर्डर बंद झाली. ऑगस्टमध्ये तिला हॉस्पिटलमध्ये हलवलं. डॉक्टर चारच दिवस म्हणतायत, असं तू कळवलंस, आणि मी बॉर्डर ओलांडायच्या परवान्याचा अर्ज केला. शेवटी तिला मी अंत्यविधीच्या दिवशी लॅपटॉपवर पाहिलं. फुलं ठेवताना तुझा नुसता हात दिसत होता.

तेव्हापासून तुझं एकच: डॉक्टरांचं पत्र पाठवायला मला उशीर झाला, म्हणून बाबांना परवाना मिळाला नाही. परवा शैलेंद्र सांगत होता, तनयला मांडीवर घेऊनही हेच पुटपुटतेस, जेवत नाहीस. जावई माणूस, तरी त्याला हे सासऱ्याला सांगावं लागलं. आणि मी, सगळं ठाऊक असून, जेवायला लाव रे तिला, एवढंच बोललो.

मयूरा, तू पाठवलेलं डॉक्टरांचं पत्र वेळेवर आलं होतं. सोमवारी, सकाळी अकराला. अर्जात एक चौकोन होता, अखेरच्या भेटीसाठी. त्यात खूण करायची आणि डॉक्टरांचं पत्र जोडायचं, बस. मला ती खूण भीक मागितल्यासारखी वाटली. चाळीस वर्षं बाहेरच्यांसाठी भांडलो, आता स्वतःसाठी हात पसरू? मी नऊ पानी निवेदन जोडलं. कलम ब्याण्णव, जॅमचा निकाल, सगळं. साथीत अशी बंदी चालते, हे वरच्या कोर्टाने आदल्याच वर्षी सांगितलं होतं. ते वाचूनही लिहिलं. परवाना कार्यालयातल्या बाईने दोनदा कळवलं, सर, फक्त डॉक्टरांचं पत्र जोडा, लगेच करून देते. मी तिलाही कलम समजावत राहिलो. गुरुवारी संध्याकाळी खूण केली, पत्र जोडलं. शुक्रवारी दुपारी परवाना आला. आई त्याच पहाटे गेली होती. तुला सांगितलं, नाकारला. तो परवाना सोबत ठेवलाय. तारीख बघ, आणि मग जेव. बोलावलंस तर येईन. नाही बोलावलंस तर तेही बरोबरच.

तुझाच,
बाबा