अर्धा पाव

डुडरश्टाट, २ नोव्हेंबर १९८९

चि. रोजविता हिस अनेक आशीर्वाद. वि. वि.

सोबत संत मार्टिनच्या सणाच्या शिंगपावाचा अर्धा तुकडा आहे. टपाल रांगत येतं, म्हणून अकरा तारखेचा सण मी आजच करून टाकला. संतांनी आपला डगला अर्धा कापून भिकाऱ्याला दिला, पण त्यांना तो सीमेच्या कुंपणापलीकडे पाठवावा लागला नव्हता! तू तिकडे पूर्व जर्मनीत अडकलीस, त्याला अठ्ठावीस वर्षं झाली. एकदा तरी ताज्या पावाचं एक टोक तुझ्या हातात, एक माझ्या हातात असावं, आणि मग मोडावा.

तुझ्या इकडे येण्याच्या परवान्याचं काय झालं?

लोभ असू दे, दूधही ऊन असू दे.
तुझी हेडविगताई

वोर्बिस, ८ नोव्हेंबर

ती. ताईस सा. न. वि. वि.

पाव पोचला. ब्रुनो म्हणतो, सासरवाडीने हातोडा पाठवलाय, खिळे ठोकून घेऊ. मी दुधात भिजवून खाल्ला. परवाना चौथ्यांदा नाकारलाय. पण सोमवारी चर्चबाहेर सरकारविरुद्ध जमलेल्यांच्या हातांत इतक्या मेणबत्त्या होत्या, की मला रडूच आलं नाही. काहीतरी होणार, ताई.

माया आहे तेवढीच राहू दे.
रोजविता

तुझ्याच दारात, ११ नोव्हेंबर, दुपार

ताई, आहेस कुठे? सीमेचं फाटक उघडलंय आणि तुझ्या दाराला कुलूप! शेजाऱ्याच्या ट्रकमधून आले, वीस किलोमीटरला चार तास. समोरच्या बाई म्हणाल्या, तू पहाटेच कंदील घेऊन गेलीस. दोन तास पायरीवर बसले. पाच वाजता गाईंची धार काढायची आहे, त्यांना सीमा उघडल्याचं कोण सांगणार? कोपऱ्यावरच्या बेकरीतून शिंगपाव घेतला. मोडला. तुझा अर्धा कडीला अडकवलाय.

तुझी रोजा

डुडरश्टाट, ११ नोव्हेंबर, संध्याकाळ

अगं वेडे,

मी काल दिवसभर आणि आज पहाटेपासून फाटकावर उभी होते! प्रत्येक गाडीत कंदील घालून डोकावले. अनोळखी बायकांनी मिठ्या मारल्या, एका म्हाताऱ्याने तर मुकाच घेतला. आणि तू ट्रकच्या ताडपत्रीखाली! खिशात तुझ्यासाठी अख्खा पाव होता.

ही चिठ्ठी वोर्बिसला परतणाऱ्या एका जोडप्याकडे देतेय. उद्या रविवार. धार काढून नीघ. मी पायरीवरून हलणार नाही, प्रार्थनेलासुद्धा जाणार नाही. अख्खा पाव मोडायचा ठेवलाय.

तुझा अर्धा मात्र खाल्ला, रागावू नकोस. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच अर्धा तुकडा तुझ्याकडून माझ्याकडे आला, आणि अगं, तो मऊ होता.

बाकी लोभ उद्या समक्ष.
ताई