मिठागरात पाटल्या

१० फेब्रुवारी
नयना, हे तू चोरून वाचणारच. आधी चष्मा शोध, डोक्यावर असेल. आणि रोजनिशी आजीची आहे, तुझी नाही, तेही विसरली असशील. सांगते मी, लिहिते तुझी आई सुनंदा. माझं 'हाय' ती 'आहे' करते. करू दे, शिकलेली आहे.

नात सिनेमे काढते. नाचगाण्यांचे नाही, खऱ्या माणसांचे. पहिला गटारात उतरणाऱ्यांवर. जुईनगरच्या हॉलात बघायला सात माणसं, त्यात घरचे चार. आता तिसरा, आम्हा मिठागरातल्या बायांवर. जन्मभर मीठ ओढलं, हजेरी लागली नवऱ्यांच्या नावावर. आगरं सरकारने घेतली, भरपाईच्या यादीत एकीचंही नाव नाही. माझंही.

१६ फेब्रु.
उरणला शूटिंग, उरलेल्या एका आगरात. "रोजच्यासारख्या या," नयनाने बजावलेलं. सगळ्या लग्नाला निघाल्यासारख्या आल्या. हिराबाय पाटल्या घालून. मी नथ.
"आजी, मिठात सोनं कोण घालतं?"
"कॅमेरा रोज येतो काय गो?"
पण पाण्यात उतरलो नि हात आपोआप... टोपली डोक्यावर, पाय तिरका. पोरगी शूट करत राहिली.

९ मार्च
तिचा कोणी मित्र म्हणाला, सिनेमातून पाटल्या काढ, भरपाईच्या सुनावणीत साहेबांना खोटं वाटेल. दोन दिवस तोंड पाडून बसली. म्हटलं, आधी बायांना दाखव, मग कात्री लाव. तसा तिचा नियमच आहे, ज्याचा सिनेमा त्याने पहिला बघायचा. यंदा घाबरली होती.

२२ मार्च
देवळापुढे पडदा, सारा गाव. पाटल्या दिसल्या, शिट्ट्याच शिट्ट्या. मग टोपल्या चालायला लागल्या. हजेरी मांडणारा म्हातारा मुकादम पुढेच बसलेला. बोटांवर खेपा मोजायला लागला. एकदम उठला.
"ती हिरा. तिच्यामागं ही येसू. समद्या कामाला होत्या. नवऱ्यांची नावं मीच मांडली."
येसू म्हणजे मी. चाळीस वर्षांनी हजेरी लागली.
हिराबाय म्हणाली, "दादा, साहेबासमोर बोलशील?"
"बोलेन."
काय टाळ्या! नयनाच्या डोळ्यात म्हणे कचरा गेला. दोन्हींत. कात्री ठेवून दिली.

४ एप्रिल
दिल्लीच्या फेस्टिवलात सिनेमा निवडला!! तिथे भिंतीएवढी माझी नथ. शेजारणीला तीनदा सांगितलं, चौथ्यांदा तिने दार लावलं. नयना म्हणते, आधी बेलापूरची सुनावणी, मग दिल्ली. माझी नात आहे.

११ एप्रिल
उद्या बेलापूरच्या ऑफिसात सुनावणी. सिनेमा लावू देणार. मुकादमाची सून म्हणते, मामंजींना ताप आहे. तो फोनवर म्हणाला, "येतो." आवाज बारीक होता. बघू.
सुनंदा, पेन ठेव नि ऐक. उद्या दुपारी अकरा जणींच्या तांदळाच्या भाकऱ्या ऑफिसात पाठव, मुकादमाची वेगळी, मऊ. बरोबर सुका जवळा, लसूण सढळ. डबा मी साहेबाच्या टेबलाशीच उघडणार आहे.