चुना निवेपर्यंत

पुणतांबा

प्रिय मालन,

फोनवर तू "आक्का, बरी हायेस ना?" विचारतेस, मी "हो" म्हणते आणि तेवढ्यात तुझा सुनील फोन घेतो. म्हणून लिहायला बसले. भाऊजी गेल्यावर चार दिवस लेकाकडे म्हणून पुण्याला गेलीस, त्याला वर्ष होत आलं. तुझी खोली मी रोज उघडून झाडते. तू परत येणार की नाही, हे मात्र कुणी सांगत नाही.

पाऊस उघडला तसे डाळिंबावर तेल्या रोगाचे डाग दिसले. काल मोरचूद-चुन्याची फवारणी करायला घेतली. एका बादलीत मोरचूद भिजवलं, दुसरीत चुनकळीवर पाणी ओतलं. चुना रटरटला, बादलीला हात लावू देईना. पुढे दोन्ही पाणी एकाच वेळी तिसऱ्या पिंपात ओतायचं, त्याला दोन माणसं लागतात. शेजारच्या बजरंगला हाक मारली. आजोबा झाला तरी त्याची घाई तीच. "वहिनी, आटपा, मला डेअरीला जायचंय!" मीही बधले. चुना गरम असतानाच ओतला. आकाशी रंग यायचा तिथे काळपट गाळ झाला. सगळं खड्ड्यात घालावं लागलं.

तू असताना असं कधी झालं नाही. तू बादलीला हात लावून म्हणायचीस, "अजून न्हाई, लई गरम हाय," आणि आपण लिंबाखाली बसायचो. एवढ्या मोठ्या घरात आपल्या दोघी जावांना बोलायला मिळायचं ते तेवढंच. बांधावरून सासरे ओरडायचे, "झालं का न्हाई?" तू खुशाल सांगायचीस, "चुना तापलाय मामंजी, आमी काय करनार?" चुना केव्हाच निवलेला असायचा. मला मूल होणार नाही, हे डॉक्टरांनी सांगितलेलं मी पहिल्यांदा तिथेच बोलले. तू तान्ह्या सुनीलला माझ्या मांडीवर ठेवलंस आणि बादली बघायला उठलीस.

तुझ्या नातीला, निकिताला, परवा फोनवर विचारलं, चुना एवढा तापतो कसा गं? ती म्हणाली, चुनखडी भट्टीत भाजताना जी उष्णता घेते, तिच्यातली बरीच चुनकळीत राहते. हाताला थंडच लागते, पण पाणी मिळालं की सगळी बाहेर. पोरगी हुशार आहे, तुझ्यासारखी हसते. आज पुन्हा चुना भिजवला आणि एकटीच बसले. बादली निवली तरी उठवेना.

आता खरं कारण लिहिते. रविवारी सुनील एका माणसाला घेऊन आला होता. त्याने बाग पाहिली, विहीर पाहिली. तुमचा हिस्सा विकायचं ठरलंय म्हणे. सातबाराचा उतारा अजून एकत्र, म्हणून माझी सही हवी. मी विचारलं, "आईला विचारलंस का रे?" तर म्हणतो, "मोठी आई, तिला काय विचारायचं त्यात?" चांगला मुलगा आहे, तुझ्या भल्याचंच बघतोय. तुला तिथे करमत असेल तर मी सही करीन, मनात काही ठेवणार नाही. पण तुझं उत्तर येईतोवर पेन हातात धरणार नाही. त्याने विचारलं नाही, म्हणून मी विचारते. मालन, तुला कुठे राहायचंय?

तुझीच आक्का,
पुष्पावती