निळ्या पेन्सिलीची रेघ

सेगेद, १८ नोव्हेंबर १९५८
चि. बोरिश्का हिस अनेक आशीर्वाद.
थिएटरात तू ईदा सेंदेई असशील. माझ्या चपलांच्या दुकानात बोरिश्काच. चार डिसेंबरला तुझा नामदिन, तुझ्या नावाच्या संतिणीचा सण. तिकडे खरं नाव कुणालाच ठाऊक नाही, मग फुलं कोण देणार? आईसारखा खसखशीचा रोल, आंबट सफरचंद किसून घातलेला, तोही नाही. व्हिएन्नाच्या सिनेमासाठी पासपोर्ट मिळाला की जा. तिकडे बरं वाटलं तर परत फिरू नकोस. लोभ कुठूनही पोचतो.
तुझा आम्ब्रुश

बुडापेस्ट, ५ डिसेंबर
ति. आम्ब्रुशदादास सा. न. वि. वि.
काल माझ्या आरशापुढे रोल होता. चिठ्ठी नाही. पहिला घास घेतला. आत आंबट सफरचंद! हे तू फक्त पत्रात लिहिलं होतंस. दारवानाकडून माझी पत्रं वर आणतात ती रोझी, माझे कपडे सांभाळणारी, नाहीतर लाझारकाका, आमचे प्रॉम्प्टर, स्टेजखालच्या खोक्यातून विसरलेले शब्द पुरवणारे. रोझी म्हणाली, बाई, मला अंडं उकडता येत नाही, रोल कुठला! काकांना रोलचं विचारलं तर म्हणाले, दुसऱ्या अंकात हल्ली घाई करता. मी परत येईन का, अशी पासपोर्टवाल्यांनी थिएटरात कुणाकडे तरी चौकशी केली आहे. तुझं ते परत न फिरण्याचं वाक्य त्यांच्यापर्यंत पोचलं असेल, तर व्हिएन्नाच काय, वीस वर्षांचा रंगमंचही गेला. माया पातळ करू नकोस, शाई मात्र कर.
तुझी बोरिश्का

सेगेद, ९ डिसेंबर
चि. बोरिश्कास अ. आ.
हे गिऱ्हाइकाच्या हाती पाठवतोय. घाबरू नकोस, पण रोझीच्या अंड्यावरही विश्वास ठेवू नकोस. मुरलेला खबऱ्या रोल ठेवून स्वतःला पकडून देईल का? नामदिन कळल्यावर रिकाम्या हातानं राहवलं नाही, अशा कुणाचं तरी हे काम. माझं पत्र नीट बघ. माझ्या हातचं नाही असं काही आहे का?
आम्ब्रुश

बुडापेस्ट, १३ डिसेंबर
ति. दादास सा. न.
स्टेशनवर स्वतः पेटीत टाकतेय. पत्रातल्या त्या वाक्यावर जाड निळी काट आहे. मला वाटलं होतं, तूच घाबरून मारलीस. तशी पेन्सिल एकट्या लाझारकाकांची. स्टेजवर बोलायचं नाही ते वाक्य ते अशीच काट मारून गाळतात. म्हणजे पासपोर्टवाल्यांची विचारणा त्यांच्याकडेच होती. तीन दिवस जेवण गेलं नाही. काकांनी ते मला वाचवायला गाळलं, की वरच्यांना दाखवायला खूण केली? आज पासपोर्ट आला. रात्री दुसऱ्या अंकात मी अडखळले, तर त्यांनी खोक्यातून शब्द दिला, नेहमीसारखाच.
तुझं ते पत्र जाळलं. तू जपून राहा.
बोरिश्का

सेगेद, १७ डिसेंबर
चि. बोरिश्कास अ. आ.
हे मुद्दाम थिएटरच्या पत्त्यावर. व्हिएन्नाहून वेळेवर परत ये. आणि मनातलं कुणापुढे बोलू नकोस, रोल देणाऱ्यापुढे तर नाहीच. माणूस भला असला तरी उद्या त्याला पुन्हा विचारतील.
स्टेजखाली पाय गारठत असतील. मी नमद्याच्या, जाड लोकरीच्या, चपला शिवतोय. हे पत्र तुझ्याआधी वाचणाऱ्यानं आपल्या पायाचं माप समासात निळ्या पेन्सिलीनं लिहावं, एवढी विनंती. लोभ आहे, दोघांवरही.
आम्ब्रुश