मुळांची माती

अमरावती, ४ नोव्हेंबर, संध्याकाळ

भातकुली रस्त्याकडेची ओलसर जागा रस्तावाल्यांनी मुरूम टाकून बुजवली. लव्हाळ्यासारख्या दिसणाऱ्या एका दुर्मिळ रोपाच्या बोटभर झुपक्यांची तेवढीच जागा मला ठाऊक होती. तिथं शेळ्या चारणाऱ्या कमलाबाईंना विचारलं, कुठं एखादा उरलाय का.

"कायचा उरते बाई? मांगच्या मयन्यात तुमीच तर सारे उपटून नेले."

नेले. कॉलेजच्या वाळवलेल्या वनस्पतींच्या संग्रहासाठी, ऐन फुलावर असताना, बी धरण्याआधीच. एकाच पावसाळ्याचं आयुष्य त्यांचं, बी पडलं तरच पुढं काही. मागल्या वर्षीचं बी तरी मुळांना चिकटलेल्या मातीत असेलच ना? पण ती माती कुठंय? मुळं स्वच्छ धुवा, असं इतकी वर्षं मुलांना सांगत आले. मीही धुतली. बेसिनमध्ये, नळ सोडून, पाणी नितळ येईपर्यंत.