काळ्या-पांढऱ्या लोकरीची दोरी

८ एप्रिल

म्हातारा आज पुन्हा पडला. गोठ्याच्या दारात. वर मलाच म्हणतो, "पडलो कुठे? बसलो!" शेणात कोण बसतं! कोपर सोलून निघालंय.

११ एप्रिल

मेदेर बिश्केकहून आला, बापासाठी वॉकर घेऊन. डॉक्टरांनी त्याला बजावलंय — तोल गेलाय, कमरेचं हाड मोडलं तर सगळंच संपलं. म्हाताऱ्याने वॉकरवरून नजर फिरवली. "चार पाय आहेत ना? मग आधी दात दाखव याचे!" पोरगा हसला नाही. आता वॉकरवर टोपी वाळतेय.

१९ एप्रिल

शेजारच्या बुरुलचाच्या नातवाची दोरी कापली. नुकता पावलं टाकायला लागलाय. पायांना काळ्या-पांढऱ्या लोकरीची दोरी बांधली, पोरं धावत आली, पहिला आला त्याने सुरीने कापली. नाही कापली तर माणूस जन्मभर अडखळतो, म्हणतात.

 येताना म्हातारा माझा खांदा धरून म्हणाला, "माझी कुणी कापलीच नाही गं."

लढाईतला जन्म. बाप गेला तो आलाच नाही, आई तापाने गेली. दोरी वळायला होतं कोण? इतकी वर्षं संसार केला, मला कधी बोलला नाही.

२० एप्रिल

मेदेर फोनवर चिडला. "आई, दोरीने काय होणार? वॉकर धरायला लाव त्यांना." खरंय त्याचं. तरी लोकर काढून बसले.

२ मे

कापली! फाटकापासून बुरुलचा आणि पलीकडच्या घरची उमसुनाय धावल्या. दोघी आज्या! उमसुनायचा बूट चिखलात रुतला, तरी तीच पहिली. "हलू नका हो, पाय कापला जाईल!" म्हातारा हसता हसता रडत होता. मग उठला आणि पॉपलरच्या झाडापर्यंत एकटा चालला. मी मागे हात पसरून. हात लावू दिला नाही.

"बघितलंस?"

बघितलं. डोळे भरून बघितलं. जीव मात्र मुठीत होता.

९ मे

वॉकर गोठ्यात टाकला. रोज ओढ्यापर्यंत जातो, काठीसुद्धा नको. मी ओरडते. "म्हातारे, आत्ता कुठे चालायला लागलोय!"

१५ मे

ओढ्यावरच्या फळीवरून पडला. कमरेचं हाड.

मेदेर आला. एका शब्दाने बोलला नाही मला. बोलला असता तर बरं झालं असतं.

२८ मे

पाणीसुद्धा चमच्याने. पाय चोळत बसते. थंडगार आहेत.

४ जून

आंघोळ घालून पायाचे अंगठे एकत्र बांधले, पांढऱ्या पट्टीने. कबरीत उतरवल्यावर ती सोडायची असते. आम्हा बायकांना तिथे जाता येत नाही. मेदेर परत आला तसं त्याला बाजूला घेतलं. "सोडली ना रे?"

"सगळ्यांच्या आधी मीच खाली उतरलो," म्हणाला. "कापली, आई."