वैभवला मिळालेला खुनी

सोमवार, १ डिसेंबर

पांढुर्ण्याला उतरायचं होतं, उतरलो तिगावला. नागपूरहून गाडी सुटल्यापासून संत्री सोलत मनातल्या मनात मुलाखती देत बसलो होतो, त्यात डोळा लागला आणि पांढुर्णा मागे पडलं. तिगावच्या फलाटावर मी, माझी बॅग आणि एक शेळी. फोन केल्यावर मोटारसायकलवरून एक हसरा तरुण आला. नाव वैभव. त्याचं पांढुर्ण्यात मोबाइलचं दुकान आहे आणि सिनेमाच्या मंडळींना तो इथली बोली शिकवणार आहे. माझी बॅग पुढे टाकीवर ठेवत म्हणाला, "दादा, तुमाले झोप चांगली येते जी. खुनी माणसाले येत नाही म्हणतात." मी पोट धरून हसलो. पोरगा लाघवी आहे.

इतकी वर्षं नागपूरच्या रंगभूमीवर मिशा पिळल्या, डोळे वटारले, नाट्यस्पर्धेत दोनदा उत्तेजनार्थ बक्षीस मिळवलं. आता सत्तेचाळिसाव्या वर्षी पहिला सिनेमा, मुख्य भूमिका, आणि तीही खुन्याची! मोरेश्वरराव, देवाने उशिरा का होईना, पत्ता शोधला तुमचा.

उतरायची सोय भैय्याजींकडे आहे. ते संत्र्याचे व्यापारी, आणि सौंसर रस्त्यावरच्या ज्या बंद कापूस-जिनिंगमध्ये शूटिंग व्हायचंय तीही त्यांचीच. स्वयंपाकाला कलाबाई. त्यांनी आज वांग्याची भाजी अशी काही केली की चार भाकरी कधी गेल्या कळलं नाही. ढेरपोट्या खुनी पडद्यावर कसा दिसेल, एवढीच काय ती चिंता.

बुधवार, ३ डिसेंबर

दिग्दर्शिका अमिता पुण्याची. माझ्याहून बरीच लहान, हळू बोलते, समोरच्याकडे बघत राहते. मी घरून तयारी करून आलो होतो. खुन्याचा बाप दारुडा, आई पळून गेलेली, मास्तर पट्टीने मारणारा, अशी सगळी पार्श्वभूमी तिला रंगवून सांगितली. तिने ऐकून घेतलं आणि म्हणाली की यातलं काहीच नको. खुन्याचं बालपण दाखवलं की प्रेक्षक सुटतो. माझा बाप तसा नव्हता, म्हणजे मी असा होणार नाही, असं म्हणून निवांत घरी जातो. तिला त्याला सुटू द्यायचं नाही.

गोष्ट साधी आहे. जिनिंगमधला एक कारकून. त्याचा बालमित्र शहरातून परत येतो आणि गावभर त्याचं कौतुक सुरू होतं. कारकूनही कौतुक करतो, त्याला घरी जेवायला बोलावतो, आणि शेवटी रुईच्या खोलीत त्याचा जीव घेतो. अमिता म्हणते, खून मिनिटभराचा असतो, सिनेमा दोन तासांचा. उरलेल्या वेळात कॅमेरा मित्रावर ठेवायचाच नाही, मित्राचं कौतुक ऐकणाऱ्यावर ठेवायचा. खुनानंतर मित्राची चप्पल रुईत उघडी पडलेली असेल आणि हवालदार आत येईल, तेव्हा प्रेक्षकाला वाटलं पाहिजे की हवालदाराला ती दिसू नये. तसं वाटलं त्याला, की तोही खुनात सामील झाला.

अंगावर काटा आला. बाई हुशार आहे. आणि तिने निवडलं मला!

संध्याकाळी वैभव मित्राची वाक्यं वाचायला येतो. वाचतो सपाट, पण मी खुन्याचं वाचतो तेव्हा माझ्या तोंडाकडे टक लावून बघतो. शिकायची हौस दिसते. मी त्याला आवाज कसा लावायचा ते दाखवतो.

शनिवार, ६ डिसेंबर

आज पूर्ण संहितेचं वाचन झालं. चहाच्या सुटीत अमिताने सहज, साखर कमी घाला म्हणावं तसं सांगितलं की भूमिकांची अदलाबदल करू. खुनी वैभव करेल. मित्र मी.

वैभव घाबरला. मला कुठं येते ॲक्टिंग, दादाच करतील, असं म्हणाला. अमिता म्हणाली, येत नाही म्हणूनच.

मी काय केलं? मी टाळ्या वाजवल्या. उठून त्याला मिठी मारली. पाठ थोपटत म्हटलं की लेका, तू नाव काढशील. सगळे माझ्याकडे कौतुकाने बघत होते, अमिता तर फारच.

खोलीत येऊन दार लावलं आणि उशी आपटली. मोबाइलला काच चिकटवणारा माणूस! शब्द गिळतो, उभं राहता येत नाही. आणि मी काय करायचं, रुईत पडून मरायचं? लिहूनच टाकतो, मला जळतंय. छातीच्या डाव्या बाजूला, अगदी जागा दाखवता येईल असं.

मंगळवार, ९ डिसेंबर

शूटिंग सुरू झालं. वैभव चांगलं करतोय, आणि हे मला लिहावं लागतंय. पानठेल्याचा प्रसंग होता. लोक मित्राचं म्हणजे माझं कौतुक करतात आणि तो शेजारी उभा राहून ऐकतो. मी खरं तर जीव तोडून काम केलं, पण कॅमेरा त्याच्यावर. तो नुसता हसला, डोळ्यांपर्यंत न पोचणारं हसला आणि माझ्या खांद्यावरचा धागा काढून टाकला. शॉट संपला. मग अमिता त्याच्यापाशी गेली आणि दोन्ही हातांनी त्याचा हात धरला.

माझ्यापाशी आली नाही.

दुपारच्या जेवणात त्याच्या ताटात मीच वाढलं. लाडू घे म्हटलं, खा, तुझा दिवस आहे. त्याने दोन घेतले. कलाबाई दारातून बघत होत्या. माझं ताट उचलताना म्हणाल्या, "भाऊ, एकदा जामसांवलीले जाऊन या. मारुतीच्या पाया पडा. बरं वाटते माणसाले." मला काय झालंय, असं विचारलं तर ताट घेऊन आत गेल्या.

शुक्रवार, १२ डिसेंबर

आतापर्यंतचं काम सगळ्यांना दाखवलं. भैय्याजींच्या बैठकीत पांढरी चादर लावली होती. कलाबाईही बसल्या.

पानठेल्याचा प्रसंग आला तसा कलाबाईंनी तोंडाला पदर लावला. "अगं माय! अगदी मोरेश्वरभाऊवानीच हसून राहिला ना तो!"

लोक हसले. मीही हसलो. पण मग दिसायला लागलं ते थांबेना. टाळ्या वाजवताना हात छातीजवळ धरणं माझं. मिठी मारताना पाठ जरा जास्त जोरात थोपटणं माझं. दुसऱ्याला लाडू वाढताना खाली बघणं, ते तर मंगळवारचं, जसंच्या तसं. पडद्यावर तो एकदा दार लावून खोलीत आला आणि त्याने उशी आपटली.

उशी त्याने कधी पाहिली? दार लावलेलं होतं.

आधी अभिमान वाटला, खोटं कशाला सांगू. म्हटलं, बघा, खुनी अखेर माझाच आहे. मग उठून मागे, अंधारात जाऊन बसलो. कारण त्या चादरीवर हसत होता तो माणूस खून करणार हे सगळ्या बैठकीला माहीत होतं, आणि तो मी होतो.

शनिवार, १३ डिसेंबर

अमिताला विचारलं. तिने नाकारलंच नाही. म्हणाली की मला खुनी म्हणून बोलावलं तेव्हाच तिचं ठरलं होतं की भूमिका नंतर काढून घ्यायची. बारा नटांशी बोलली होती. त्यांत नाट्यस्पर्धेत आपल्याला मागे टाकून गेलेल्यांची नावं न विचारता फक्त मीच सांगितली, सालासकट. नट मत्सराचा अभिनय करतो, तिला मत्सर हवा होता. वैभवला तिने एकच काम दिलं होतं, मला बघत राहण्याचं. माझ्या खोलीच्या मागच्या खिडकीला कडी नाही.

मी ओरडायला हवं होतं. बॅग भरायला हवी होती. मी विचारलं की शेवटच्या खुनाच्या शॉटमध्ये मी काय करायचं. ती माझ्याकडे बघत राहिली. तिला हवं ते मिळालं असावं.

निघून जावं — पण मग पोस्टरवर तो एकटाच.

मंगळवार, १६ डिसेंबर

रुईच्या खोलीत तालीम. जिनिंगमधली रुई पूर्वी या खोलीत येऊन पडायची. भैय्याजींनी शूटिंगसाठी पुन्हा भरून दिलीय, माणूस छातीपर्यंत आत जातो. खुन्याने मित्राला आडवं पाडायचं, खांद्यांवर गुडघे टेकवायचे आणि तोंडावर रुई ढकलत राहायची. कॅमेरा वरच्या खिडकीत, अमिता दाराबाहेर.

वैभवला जमेना. हात कचरत होते. सारखा विचारी, "दादा, लागून तर नाही राहिलं ना?" शेवटी अमिता म्हणाली, मोरेश्वर, तुम्ही करून दाखवा त्याला.

वैभव खाली, मी वर. गुडघे टेकवले. रुई ढकलली. त्याचं तोंड गेलं, मग नाक, मग कपाळ, मग नुसतं पांढरं. बरं वाटत होतं. डाव्या बाजूचं जळणं थांबलं होतं, कितीतरी दिवसांनी.

भूपेंद्रने मला मागून ओढलं. तो अमिताचा सहायक आहे, धट्टाकट्टा आहे म्हणून बरं. म्हणाला, मॅडम कट कट करून ओरडून राहिल्या, तुम्हाला ऐकू येत नाही का? मी म्हटलं, रुईत आवाज मरतो. सगळ्यांना पटलं. खोलीत आवाज मरतोच.

वैभव निळा पडला होता. नाकातून रुई निघत होती. खोकत खोकत उठला, माझ्याकडे बघितलं आणि हसला. डोळ्यांपर्यंत न पोचणारं.

"दादा," म्हणाला, "आता समजलं मले."

लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्याच्यासाठी की माझ्यासाठी, कळलं नाही.

बुधवार, १७ डिसेंबर

उद्या तोच शॉट. तो वर, मी खाली.

दुपारी अंगणात कलाबाईंनी गाद्या उन्हात टाकल्या होत्या. वैभव एका गादीवर गुडघे टेकून बसला होता. हात ढकलत होते, न कचरता. माझे हात. कलाबाई ओरडल्या तरी थांबला नाही. मग एकदम मान वळवून म्हणाला की काकू, ऐकू नाही आलं जी. आणि हसला.

जेवताना अमिताला म्हणाला की उद्या दादासारखं मलेही कट ऐकू येणार नाही. सगळे हसले. माझ्या ताटात त्याने लाडू वाढला. खाली बघून.

सांगायला हवं. पण काय सांगू? तो मला मारेल — कशावरून? — कारण तो हुबेहूब माझ्यासारखं करतो. मग ते विचारतील, म्हणजे तुम्ही काल —

नाही.

गुरुवार, १८ डिसेंबर. सकाळ

ताप आहे म्हणून सांगितलं. अमिता रागावली नाही. म्हणाली, हरकत नाही, तोंड तर रुईखालीच जाणार, भूपेंद्र पडेल.

मी जिनिंगमध्ये, रुईच्या खोलीच्या दाराशी पायरीवर बसलोय. भूपेंद्रने मित्राचा, म्हणजे माझा शर्ट घातला. माझा. त्याला तो तंग होतो. बायको-पोरांशी व्हिडिओवर बोलतोय, बघा, मी हिरो झालो म्हणतोय.

उठून त्याला ओढून बाजूला घ्यावं. दोन वाक्यांचं काम आहे. जीव जाईल त्याचा — ती दोन वाक्यं लोकांसमोर म्हणायची — जमत नाही.

वैभव आत उतरलाय. अमिता त्याच्या केसांतली रुई काढतेय. म्हणतेय, हा शॉट लोक विसरणार नाहीत.

लोक विसरणार नाहीत. त्यात भूपेंद्र? माझ्या जागी?

थोड्या वेळाने

शर्ट परत घेतला. भूपेंद्र म्हणाला की ताप आहे ना दादा, कायले हट्ट करून राहिले. ढकललंच मी त्याला.

अमिता हसली. प्रथमच माझ्याकडे बघून — तसं, वैभवकडे बघते तसं.

कॅमेरा लावतायत. दोन मिनिटं आहेत. उतरायच्या आधी तिला सांगणार आहे. तोंडाने जमणार नाही, वही तिच्या हातात देतो —

वैभव दारात आलाय, हात पुढे करून. या दादा, तुमच्याशिवाय मजा नाही म्हणतो — वही ठेवा म्हणतो —

अमिता, जोरात ओरडून काही होणार नाही. भूपेंद्रला आत उभा कर. वैभवला कट ऐकू येईल आणि तरी तो थांबणार नाही, मला माहीत आहे, कारण परवा मलाही ते पहिल्याच हाकेला नीट ऐकू —